विश्लेषण : मुलाखत मिळते, नोकरीचे काय? टोनी डंजी यांची कारकीर्द आणि ‘रूनी नियमा’ची गोष्ट

अमेरिकन फुटबॉलच्या ‘एनएफएल’ या लीगमध्ये नियमित हंगाम संपला, की दुसऱ्याच दिवशी प्रशिक्षकांच्या हकालपट्टीच्या बातम्या सुरू होतात. या दिवसाला तिथे ‘ब्लॅक मंडे’ असेच म्हणतात. मग रिकाम्या जागांसाठी मुलाखतींचा हंगाम रंगतो आणि दरवर्षी तोच प्रश्न पुन्हा विचारला जातो : मैदानावर निम्म्याहून अधिक खेळाडू कृष्णवर्णीय असताना मुख्य प्रशिक्षकाच्या खुर्चीत ते इतके कमी का दिसतात? हा प्रश्न लीगला टाळता येऊ नये अशी वेळ ज्यांच्या हकालपट्टीमुळे आली, ते टोनी डंजी हे सुपर बोल जिंकणारे पहिले कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक. त्यांची कारकीर्द आणि त्यातून जन्मलेल्या नियमाचा हा आढावा.

मुख्य प्रशिक्षकाला इतके महत्त्व का?

आपल्याकडे क्रिकेटमध्ये प्रशिक्षक सीमारेषेबाहेर बसतो आणि मैदानात हुकूम कर्णधाराचा चालतो. अमेरिकन फुटबॉलमध्ये याच्या बरोबर उलट आहे. हा खेळ सलग चालत नाही. प्रत्येक चाल काही सेकंदांची असते, ती संपली की खेळ थांबतो आणि पुढची चाल कोणती हे बाजूरेषेवरून ठरवून मैदानात कळवले जाते. आक्रमणाचे अकरा खेळाडू वेगळे, बचावाचे अकरा वेगळे आणि चेंडू दूर लाथाडण्यासाठी तिसराच ताफा. या सगळ्यांना बांधून ठेवणारा माणूस म्हणजे मुख्य प्रशिक्षक. त्याच्या हाताखाली आक्रमण आणि बचावाचे समन्वयक असतात, त्यांच्याही हाताखाली प्रत्येक जागेचे वेगळे प्रशिक्षक. लीगमध्ये संघ ३२, म्हणजे अशा खुर्च्याही ३२च. संघ खासगी मालकांचे असल्याने त्या खुर्चीत कोणाला बसवायचे हे शेवटी मालकाच्या मर्जीवर ठरते. डंजींच्या गोष्टीत ही मर्जी वारंवार आडवी येते.

टोनी डंजी मूळचे कुठले?

जन्म ६ ऑक्टोबर १९५५, मिशिगन राज्यातील जॅक्सन या गावी. घर शिक्षकांचे. वडील विल्बर विज्ञान शिकवत, आई क्लिओमे शाळेत इंग्रजी आणि त्यातही शेक्सपिअर. वडील दुसऱ्या महायुद्धात ‘टस्कीगी एअरमेन’ या कृष्णवर्णीय वैमानिकांच्या प्रसिद्ध दलात होते. वर्णभेदाच्या काळात ज्यांना विमानाजवळ फिरकू देणेही अनेकांना मान्य नव्हते, त्यांचे हे दल. पण घरात त्यांनी याचा कधी गाजावाजा केला नाही. मुलाला ही गोष्ट नीट कळली ती वडिलांच्या अंत्यविधीला. आवाज न चढवता काम करत राहायचे, ही मुलाची पुढे प्रसिद्ध झालेली सवय कुठून आली असावी, हे यावरून सांगता येते.

डंजी मिनेसोटा विद्यापीठाच्या संघात क्वार्टरबॅक होते. क्वार्टरबॅक म्हणजे आक्रमणाचा सूत्रधार. प्रत्येक चालीत चेंडू आधी त्याच्या हातात येतो. पण १९७७ मध्ये एनएफएलच्या संघांनी महाविद्यालयीन खेळाडूंची निवड केली, तेव्हा त्यांचे नाव कोणीही घेतले नाही. कृष्णवर्णीय मुलगा चपळ असेल, धावेल, झेल घेईल, पण डावपेच आखणाऱ्या क्वार्टरबॅकची जागा त्याची नव्हे, असा त्या काळी सर्रास समज होता. अशा कितीतरी जणांना व्यावसायिक लीगमध्ये जागा बदलावी लागली. डंजींनाही पिट्सबर्ग स्टीलर्सने घेतले ते बचावफळीतील ‘सेफ्टी’ म्हणून.

तिथे एक गंमत घडली. १९७७ मध्ये ह्यूस्टन ऑइलर्सविरुद्धच्या सामन्यात स्टीलर्सचे दोन्ही क्वार्टरबॅक जखमी झाले आणि ऐनवेळी डंजींना जुन्या जागेवर उभे करण्यात आले. त्यांनी फेकलेला चेंडू प्रतिस्पर्ध्याने पकडला. त्याच सामन्यात बचाव करताना त्यांनीही प्रतिस्पर्ध्याचा एक चेंडू पकडला होता. एकाच सामन्यात दोन्ही बाजूंनी असे नाव लागणे फारच दुर्मीळ. पुढच्या हंगामात त्यांनी सहा वेळा चेंडू हिसकावला, संघात सर्वाधिक. जानेवारी १९७९ मध्ये डॅलस काउबॉइजला ३५-३१ असे हरवून स्टीलर्स सुपर बोल विजेते ठरले. खेळाडू म्हणून मात्र डंजींची कारकीर्द तीन हंगामांतच आटोपली.

मग प्रशिक्षक होण्यासाठी इतकी वर्षे का लागली?

स्टीलर्सचे मुख्य प्रशिक्षक चक नोल यांनी १९८१ मध्ये त्यांना साहाय्यक म्हणून परत बोलावले. १९८४ मध्ये, वयाच्या २८व्या वर्षी, डंजी संघाचे बचाव समन्वयक झाले. मुख्य प्रशिक्षकपदाच्या अगदी खालची ही पायरी आणि त्या काळी तिथवर पोहोचलेले कृष्णवर्णीय हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. इतक्या कोवळ्या वयात हे पद मिळालेला माणूस चार-पाच वर्षांत मुख्य प्रशिक्षक होणार, असे कोणीही म्हटले असते. प्रत्यक्षात त्यांना बारा वर्षे थांबावे लागले.

या बारा वर्षांत स्टीलर्सची कामगिरी घसरली, तेव्हा त्यांना पद सोडावे लागले. कॅन्सस सिटी चीफ्समध्ये त्यांनी एक पायरी खाली उतरून काम केले. १९९२ मध्ये डेनिस ग्रीन यांनी त्यांना मिनेसोटा वायकिंग्जमध्ये बचाव समन्वयक नेमले. ग्रीन स्वतः कृष्णवर्णीय, आणि लीगच्या आधुनिक काळातले दुसरेच कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक. पहिले आर्ट शेल, तेही १९८९ मध्ये. त्याआधीचे नाव शोधायला थेट १९२१ मधील फ्रिट्झ पोलार्ड यांच्यापर्यंत मागे जावे लागते. मधली जवळपास सात दशके पूर्ण कोरी.

१९९३ च्या हंगामात डंजींचा बचाव लीगमध्ये अव्वल ठरला. हंगाम संपल्यावर अनेक संघांत मुख्य प्रशिक्षकाच्या जागा रिकाम्या होत्या. त्यांना मुलाखतीचे एकही बोलावणे आले नाही. हा अनुभव त्यांनी नंतर अनेकदा सांगितला आहे. मालकांना हवा असलेला प्रशिक्षक म्हणजे ओरडणारा, टेबलावर मूठ आपटणारा, पहाटेपर्यंत कार्यालयात झोपणारा. डंजी शिवी देत नसत, खेळाडूवर चारचौघांत खेकसत नसत आणि साहाय्यकांनी वेळेवर घरी जावे असे त्यांचे मत होते. ‘हा माणूस फारच मऊ’ हा शिक्का त्यांच्यावर बसला तो इथे. त्यात वर्णाचा भाग किती आणि स्वभावाचा किती, हे मोजता येत नाही. पण मऊ स्वभावाच्या गोऱ्या उमेदवारांना मुलाखतीची निमंत्रणे तरी येत होती, हे विसरून चालणार नाही.

टॅम्पामध्ये काय घडले?

जानेवारी १९९६ मध्ये टॅम्पा बे बकनिअर्सने अखेर त्यांना मुख्य प्रशिक्षक केले. तिथेही ते पहिली पसंती नव्हते. जिमी जॉन्सन आणि स्टीव्ह स्परियर ही बडी नावे हाती लागली नाहीत, म्हणून त्यांचा नंबर लागला. संघाचे मालक माल्कम ग्लेझर. पुढे मँचेस्टर युनायटेड विकत घेणारे आणि तिथल्या चाहत्यांचे शिव्याशाप खाणारे ग्लेझर कुटुंब ते हेच.

संघाची अवस्था केविलवाणी होती. १९८३ पासून एकाही हंगामात त्यांचे विजय पराभवांपेक्षा जास्त नव्हते. डंजींच्या पहिल्या हंगामातही पहिले पाचही सामने गेले. पण त्यांनी डावपेच बदलले नाहीत. बचावाचे समन्वयक माँटी किफिन यांच्यासह त्यांनी जी पद्धत पक्की केली ती पुढे ‘टॅम्पा टू’ म्हणून ओळखली जाऊ लागली. मुळे तिची चक नोल यांच्या स्टीलर्समध्येच होती.

ही पद्धत सोप्या शब्दांत अशी. दोन सेफ्टी मैदानाच्या मागच्या भागाची डावी-उजवी वाटणी करून घेतात. या रचनेत त्या दोघांच्या मधली जागा उघडी पडते. ती भरायला मधला लाइनबॅकर, जो एरवी पुढे येऊन धावणाऱ्याला आडवा करतो, उलट्या पावली मागे पळतो. त्यामुळे लांब पास अडतात. प्रतिस्पर्ध्याला छोटे पास मिळतात, पण चेंडू हातात येताच चार जण त्याच्यावर तुटून पडतात. यासाठी धिप्पाड खेळाडूंपेक्षा वेगवान आणि शिस्तीचे खेळाडू लागतात. डेरिक ब्रुक्स, वॉरन सॅप, जॉन लिंच, राँडे बार्बर या खेळाडूंनी हा बचाव गाजवला आणि चौघेही आज हॉल ऑफ फेममध्ये आहेत.

१९९७ मध्ये संघाने दहा सामने जिंकून पंधरा वर्षांनी बाद फेरी गाठली. जानेवारी २००० मध्ये तर तो सुपर बोलच्या उंबरठ्यावर होता. सेंट लुइस रॅम्सने त्यांना ११-६ असे थांबवले. पण बचाव जितका पोलादी, तितकेच आक्रमण लंगडे, हे दुखणे काही गेले नाही. सलग दोन वर्षे फिलाडेल्फिया ईगल्सने बाद फेरीत धूळ चारली आणि १४ जानेवारी २००२ रोजी डंजींना नारळ देण्यात आला. सहा हंगामांत ५४ विजय, ४२ पराभव ही त्यांची कमाई. त्यांच्या जागी जॉन ग्रुडन यांना आणण्यासाठी टॅम्पाने ओकलंड रेडर्सला चार निवड-संधी आणि ८० लाख डॉलर मोजले. वर्षभरात ग्रुडन यांनी टॅम्पाला सुपर बोल जिंकून दिला, तोही प्रामुख्याने डंजींनी उभारलेल्या बचावाच्या जोरावर. हा न्याय की अन्याय, यावर टॅम्पाचे चाहते आजही वाद घालतात. आक्रमणातली उणीव खरी होती, पण तयार ताटावर बसायला मिळणे यालाही नशीब लागते.

‘रूनी नियम’ कसा आला?

डंजींच्या हकालपट्टीच्या दहा दिवस आधी वायकिंग्जनेही डेनिस ग्रीन यांना दूर केले होते. दहा हंगामांतला त्यांचा तो पहिलाच तोट्याचा हंगाम होता. म्हणजे दहा दिवसांत दोन यशस्वी कृष्णवर्णीय प्रशिक्षक बाहेर. नागरी हक्कांचे खटले चालवणारे सायरस मेहरी आणि ओ. जे. सिम्पसन खटल्यामुळे जगभर माहीत झालेले वकील जॉनी कॉक्रन यांनी सप्टेंबर २००२ मध्ये एक अहवाल प्रसिद्ध केला. पेन्सिल्व्हेनिया विद्यापीठातील जॅनिस मॅडन यांनी त्यासाठी पंधरा हंगामांची आकडेवारी तपासली होती. निष्कर्ष असा, की कृष्णवर्णीय प्रशिक्षकांनी हंगामाला सरासरी ९.१ सामने जिंकले, गोऱ्या प्रशिक्षकांनी ८. म्हणजे त्यांना नोकरी मिळते उशिरा, कामगिरी सरस असते आणि तरीही गच्छंती लवकर होते. लीगने पावले उचलली नाहीत तर न्यायालयात जाऊ, असा इशाराही वकिलांनी दिला.

लीगने समिती नेमली आणि तिचे अध्यक्षपद दिले स्टीलर्सचे मालक डॅन रूनी यांना. त्यातून २००३ मध्ये ‘रूनी नियम’ लागू झाला : मुख्य प्रशिक्षकाची जागा भरताना किमान एका अल्पसंख्याक उमेदवाराची मुलाखत घेतलीच पाहिजे. आपल्याकडच्या आरक्षणाशी याची तुलना करण्याचा मोह होतो, पण दोन्हींत मोठा फरक आहे. इथे जागा राखीव नाही, गुणांची सवलत नाही, केवळ दार उघडून आत बोलावण्याचे बंधन आहे. नोकरी कोणाला द्यायची याचे स्वातंत्र्य मालकाकडेच.

पळवाटही तिथेच होती. त्याच वर्षी डेट्रॉइट लायन्सला स्टीव्ह मारिउची हवे आहेत हे जगजाहीर होते. त्यामुळे पाच कृष्णवर्णीय उमेदवारांनी नुसत्या देखाव्यासाठी मुलाखतीला येण्यास नकार दिला. लायन्सने एकाही अल्पसंख्याक उमेदवाराची मुलाखत न घेता मारिउची यांना नेमले आणि लीगने संघाचे अध्यक्ष मॅट मिलन यांना दोन लाख डॉलरचा दंड केला. तेव्हापासून संघ शहाणे झाले. मुलाखती नियमाने होऊ लागल्या. त्यांतल्या किती मनापासून, हा भाग वेगळा.

इंडियानापोलिसमध्ये डंजींनी काय कमावले, काय गमावले?

टॅम्पाने काढल्यानंतर आठच दिवसांत इंडियानापोलिस कोल्ट्सने डंजींना नेमले. इथे परिस्थिती उलटी होती. पेटन मॅनिंगसारखा क्वार्टरबॅक असल्याने आक्रमण तयार होते, बचाव घडवायचा होता. २००३ पासून सलग सहा हंगाम कोल्ट्सने किमान बारा सामने जिंकले. तरी बाद फेरीत न्यू इंग्लंड पेट्रियट्स आडवे येत राहिले.

२००५ मध्ये कोल्ट्सने पहिले तेराही सामने जिंकले. त्याच हंगामात, २२ डिसेंबरला, डंजी यांचा थोरला मुलगा जेम्स याने आत्महत्या केली. तो अठरा वर्षांचा होता. डंजी एका सामन्याला गैरहजर राहिले आणि पुढच्या आठवड्यात कामावर परतले. साहाय्यकांना ‘घरी जा, मुलांना वेळ द्या’ असे सांगणाऱ्या माणसावर ही वेळ यावी, यावर काही लिहिणेही अवघड आहे. या दुःखाबद्दल ते नंतर सार्वजनिकपणे बोलत राहिले. मुलांशी बोला, त्यांना जवळ घ्या, असे ते इतर पालकांना सांगत. त्या हंगामात कोल्ट्स बाद फेरीच्या पहिल्याच सामन्यात हरले, तेही डंजींच्या जुन्या स्टीलर्सकडून, २१-१८.

पुढच्या वर्षी मात्र चित्र पालटले. २१ जानेवारी २००७ रोजी पेट्रियट्सविरुद्ध ३-२१ अशा पिछाडीवरून कोल्ट्सने ३८-३४ असा विजय खेचून आणला. त्याच दिवशी काही तास आधी शिकागो बेअर्स अंतिम फेरीत पोहोचले होते. त्यांचे प्रशिक्षक लव्ही स्मिथ हे टॅम्पामध्ये डंजींचे साहाय्यक होते आणि दोघे जिवलग मित्रही. तोवर चाळीस सुपर बोल झाले होते आणि एकातही कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक नव्हता. आता एकदम दोन आले, तेही गुरू-शिष्य.

४ फेब्रुवारीला मायामीत धो धो पाऊस होता. बेअर्सच्या डेव्हिन हेस्टरने सामन्याची पहिलीच किक झेलून ९२ यार्ड धावत थेट टचडाउन केला. डंजी बाजूरेषेवर नेहमीसारखेच शांत. कोल्ट्सने सामना २९-१७ असा जिंकला. खेळाडू आणि मुख्य प्रशिक्षक अशा दोन्ही भूमिकांत सुपर बोल जिंकणारे ते तिसरे.

जानेवारी २००९ मध्ये, वयाच्या ५३व्या वर्षी, ते स्वतःहून निवृत्त झाले. नियमित हंगामांत १३९ विजय, ६९ पराभव. शेवटची सलग दहा वर्षे त्यांचा संघ बाद फेरीत होता. २०१६ मध्ये त्यांना हॉल ऑफ फेममध्ये स्थान मिळाले.

त्यांच्यावर टीका कशावरून झाली?

डंजी संत नव्हेत आणि त्यांच्याभोवती वादही झाले. निष्ठावान ख्रिस्ती असलेल्या डंजींनी २००७ मध्ये समलिंगी विवाहाविरोधात उघड भूमिका घेतली. २०१४ मध्ये मायकल सॅम या उघडपणे समलिंगी असलेल्या खेळाडूची निवड झाली, तेव्हा आपण असतो तर त्याला घेतले नसते, संघाचे लक्ष विचलित झाले असते, असे ते म्हणाले. संधीसाठी बारा वर्षे तिष्ठलेल्या माणसाने हे बोलावे, हे अनेकांना खुपले आणि ते खुपणे योग्यच होते. दुसरीकडे, श्वानझुंजींच्या गुन्ह्यात तुरुंगवास भोगून आलेल्या मायकल विक या खेळाडूला पुन्हा उभे राहण्यासाठी मार्गदर्शन करणारे तेच होते.

त्यांच्यानंतर चित्र बदलले का?

काही प्रमाणात. डंजींच्या हाताखाली टॅम्पात तयार झालेले हर्म एडवर्ड्स, लव्ही स्मिथ, जिम कॉल्डवेल आणि माइक टॉमलिन हे सगळे मुख्य प्रशिक्षक झाले. टॉमलिन यांना २००७ मध्ये खुद्द रूनींच्या स्टीलर्सने नेमले आणि दोनच वर्षांत त्यांनी सुपर बोल जिंकला. डंजी आणि टॉमलिन, सुपर बोल जिंकलेले कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक आजवर एवढे दोनच.

फेब्रुवारी २०२२ च्या पहिल्या दिवशी ३२ संघांत कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक एकटे टॉमलिन उरले होते. त्याच दिवशी ब्रायन फ्लोरेस यांनी लीग आणि तीन संघांवर वर्णभेदाचा आरोप करत न्यूयॉर्कच्या संघीय न्यायालयात दावा ठोकला. मायामी डॉल्फिन्सने त्यांना सलग दोन यशस्वी हंगामांनंतर काढले होते. त्यांचा सर्वात बोचरा पुरावा म्हणजे मोबाइलवरचा एक संदेश. न्यूयॉर्क जायंट्सच्या मुलाखतीला काही दिवस बाकी असताना पेट्रियट्सचे प्रशिक्षक बिल बेलिचिक यांनी त्यांचे अभिनंदन केले आणि मग चूक लक्षात आली. तो संदेश दुसऱ्याच ब्रायनसाठी होता, गोऱ्या ब्रायन डेबॉल यांच्यासाठी. म्हणजे निवड आधीच ठरली होती आणि आपली मुलाखत केवळ रूनी नियमाची भरती होती, असा फ्लोरेस यांचा दावा. संघांनी आणि लीगने आरोप फेटाळले. जायंट्सचे म्हणणे असे, की फ्लोरेस शेवटपर्यंत शर्यतीत होते.

नियम आता कडक झाला आहे. मुख्य प्रशिक्षकपदासाठी संघाबाहेरच्या किमान दोन अल्पसंख्याक उमेदवारांची प्रत्यक्ष मुलाखत बंधनकारक आहे आणि आपल्याकडचा अल्पसंख्याक साहाय्यक दुसऱ्या संघात मुख्य प्रशिक्षक झाला, तर पहिल्या संघाला भरपाई म्हणून जादा निवड-संधी मिळतात. फ्लोरेस यांचा दावा लीगच्या अंतर्गत लवादाकडे न्यावा की खुल्या न्यायालयात चालवावा, यावरच वर्षानुवर्षे खल झाला. ऑगस्ट २०२५ मध्ये अपील न्यायालयाने लीगच्या लवादाविरोधात कौल दिला.

दावा दाखल केल्यावर फ्लोरेस यांना पहिली नोकरी दिली ती टॉमलिन यांनी, स्टीलर्समध्ये, साहाय्यक म्हणून. २०२३ मध्ये ते मिनेसोटा वायकिंग्जचे बचाव समन्वयक झाले. १९९२ ते १९९५ या काळात, मुलाखतीच्या फोनची वाट पाहत, डंजी याच संघात याच पदावर होते.